शुभेच्छुकांची नावं नसलेला फ्लेक्स

‘धडाडीचे युवा नेतृत्व, गोरगरिबांचा आधार, कार्यसम्राट’ अशी सुरुवात असलेलं नवं पान मराठी विकिपीडियावर आलं, की पुढे काय असणार हे मला आता न वाचता सांगता येतं. जन्म सामान्य शेतकरी कुटुंबात. लहानपणापासून समाजकार्याची आवड. रक्तदान शिबिरं, वह्यावाटप, वृक्षारोपण. मग पुरस्कारांची यादी. त्यात पुरस्कार देणाऱ्या संस्थेचं नाव असतं, पण ती संस्था कुठली, केव्हाची, आणखी कोणाला तिने गौरवलं, याचा थांग लागत नाही. शेवटी फेसबुक आणि इन्स्टाग्रामचे दुवे, कधी तर मोबाइल नंबरसुद्धा. संदर्भ म्हणून कुठल्याशा पोर्टलवरची वाढदिवसाची बातमी. निवडणुका जवळ आल्या की अशी पानं एकामागून एक येतात.

फक्त पुढाऱ्यांचीच येतात असं नाही. क्लासवाले येतात, बिल्डर येतात, अजून प्रदर्शित न झालेल्या चित्रपटाचे नायक येतात, प्रेरक वक्ते येतात, ज्योतिषी येतात. पहिल्या कवितासंग्रहाचं प्रकाशन झालं त्याच आठवड्यात ‘सुप्रसिद्ध कवी’ म्हणून पान आलेलं मी पाहिलं आहे. गावांच्या लेखांत वेगळाच प्रकार असतो. लेख गावावर, त्यात नदी, पिकं, यात्रा असं सगळं तीन ओळींत आटोपलेलं, आणि खाली सरपंचांच्या कर्तृत्वावर दोन परिच्छेद.

मी ‘अलीकडील बदल’ हे पान, म्हणजे विकिपीडियावर नुकत्याच झालेल्या बदलांची यादी, उघडून बसते ते रात्री, घरातली कामं आवरल्यावर. मराठी विकिपीडिया २००३ पासून सुरू आहे, लेखांची संख्या लाखाच्या घरात आहे, आणि त्यावर नियमित लक्ष ठेवणारी माणसं फार थोडी. पगारी कोणीच नाही. प्रचालक म्हणजे पान काढण्याचे अधिकार असलेले सदस्य, तेही हौसेनंच काम करतात. माझ्याकडे ते अधिकार नाहीत. मी पानावर ‘पानकाढा’ साचा, म्हणजे हे पान काढावं असं सांगणारी तयार पाटी, लावते, कारण लिहिते, आणि वाट पाहते. मग लेखाला जोडलेल्या चर्चा पानावर मजकूर येतो.

“सर, आमच्या साहेबांचं पान का काढताय? तुमचं त्यांच्याशी काही वैर आहे का?”

(सगळे मला ‘सर’च म्हणतात. रात्री अकराला एखादी बाई पानं तपासत बसली असेल, हे कोणाच्या मनात येत नाही.)

“वैर कसलं, दादा? मी त्यांना ओळखतही नाही. त्यांच्याविषयी कोणी त्रयस्थानं सविस्तर लिहिलं असेल तर ते संदर्भ द्या, पान राहील.”

“मग अमक्यांचं पान कसं आहे? त्यांनी काय केलंय एवढं?”

हा शेवटचा प्रश्न मला कधीच टाळावासा वाटत नाही, कारण तो बहुतेक वेळा खरा असतो. अमक्यांचं पानही जाहिरातीचंच असतं आणि कोणाच्या नजरेतून सुटलेलं असतं. मी ते उघडते, वाचते, त्यावरही साचा लावते. मग अमक्यांचे कार्यकर्ते येतात.

या वादात दोन्ही बाजूंनी जे बोललं जातं त्यात एक माणूस कायम गैरहजर असतो. लिहिणारा असतो, काढणारी असते, ज्याच्याविषयी लिहिलं तो ‘साहेब’ मागे उभा असतो. ज्याच्यासाठी हा ज्ञानकोश आहे तो वाचक मात्र तिथे नसतो. त्याला चर्चा पान नावाची गोष्ट असते हेच माहीत नसतं. तो गूगलवर नाव टाकतो, उजवीकडे चौकट येते, त्यात दोन ओळी असतात, त्या वाचून तो पुढे जातो.

चौकात लागलेल्या फ्लेक्सचा मला तेवढा राग येत नाही. रस्ता अडतो, झाडाच्या फांद्या छाटल्या जातात, ते वाईटच. पण फ्लेक्स फसवत नाही. वर मोठा फोटो, खाली ‘शुभेच्छुक’ म्हणून पंधरा-वीस लहान फोटो आणि मित्रमंडळाचं नाव. पैसे कोणी भरले, कोणाला कोणाच्या जवळ दिसायचं आहे, हे एस.टी.ची वाट बघत उभ्या असलेल्या पोरालाही कळतं. ज्ञानकोशातला गौरव हा शुभेच्छुकांची नावं पुसलेला फ्लेक्स असतो. त्याखाली कोणाचाच फोटो नसतो, म्हणून वाचक त्याला माहिती समजतो. वाईहून निघालेल्या मराठी विश्वकोशात नोंदींखाली लेखकाचं नाव असतं. चूक असेल, पक्षपात असेल, तर कोणाला विचारायचं ते ठाऊक असतं. विकिपीडियावर तशी सही नाही. प्रत्येक बदलाची नोंद ‘इतिहास पहा’ या दुव्यामागे जपलेली असते, अगदी मिनिटासकट, पण तो दुवा उघडणारे किती?

गैरहजर वाचकाची काय किंमत मोजावी लागते, हे मला एका भारतीय प्रकरणानं शिकवलं. ते इंग्रजी विकिपीडियावर घडलं, पण त्याचे धागे पुण्या-मुंबईपर्यंत आलेले आहेत.

इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ प्लॅनिंग अँड मॅनेजमेंट, म्हणजे आयआयपीएम, ही संस्था दोन हजारच्या दशकात वर्तमानपत्रांच्या पानभर जाहिरातींमधून घरोघरी पोचली होती. आयआयएमच्या पलीकडचा विचार करायची हिंमत दाखवा, असं आव्हान त्या जाहिराती देत. प्रवेश घेणाऱ्याला लॅपटॉप मिळणार हेही त्यात असे. आमच्या ओळखीतल्या घरांमध्येसुद्धा या जाहिराती कापून ठेवलेल्या मी पाहिल्या आहेत. २००५ मध्ये ‘जॅम’ या तरुणांच्या नियतकालिकानं या दाव्यांची छाननी केली. गौरव सबनीस या ब्लॉगलेखकानं त्या लेखाविषयी आपल्या ब्लॉगवर लिहिलं, तर त्यांना १२५ कोटी रुपयांची मागणी करणारी नोटीस आली. ते आयबीएममध्ये नोकरीला होते आणि संस्था आयबीएमचे लॅपटॉप घेत असे. ते लॅपटॉप कंपनीच्या कचेरीसमोर जाळण्याची भाषा झाली. आपल्यामुळे कंपनी अडचणीत नको म्हणून सबनीसांनी राजीनामा दिला. लिहिलेलं मात्र मागे घेतलं नाही.

विद्यापीठ अनुदान आयोगानं ही संस्था विद्यापीठ नाही, तिला पदव्या देण्याचा अधिकार नाही, असं जाहीरपणे सांगितलेलं होतं. तरी फेब्रुवारी २०१३ मध्ये ग्वाल्हेरच्या एका न्यायालयाच्या आदेशावरून दूरसंचार खात्यानं ७३ वेबपत्ते बंद करायला लावले, त्यांतले बहुतेक या संस्थेवर टीका करणारे होते, आणि त्यांत अनुदान आयोगाचं स्वतःचं सूचनापत्रही होतं. सप्टेंबर २०१४ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयानं संस्थेला एमबीए, बीबीए असे शब्द वापरायला मनाई केली. पुढच्या वर्षी संस्थेनं आपल्या शाखा बंद करत असल्याचं जाहीर केलं.

या सगळ्या काळात इंग्रजी विकिपीडियावर या संस्थेच्या लेखात काय चाललं होतं? ‘विफिवन’ नावाचं एक खातं २००९ पासून तिथे काम करत होतं. शांत, नियमांची उत्तम जाण असलेलं, कोणाशी उद्धटपणे न बोलणारं. २०१० मध्ये ते खातं प्रचालक झालं. हेच खातं आयआयपीएमच्या लेखातून टीकेचे संदर्भ काढत राहिलं. प्रत्येक वेळी कारण नियमातलंच: हा स्रोत ब्लॉग आहे, हा पुरेसा विश्वासार्ह नाही, या घटनेला अवाजवी महत्त्व दिलं गेलं आहे. सुटं सुटं पाहिलं तर एकेक कारण पटण्यासारखं. वर्षानुवर्षांची बेरीज केली तर संस्थेचा लेख स्वच्छ झालेला, आणि स्पर्धक संस्थेच्या लेखात टीका वाढलेली. काही सदस्य हे पुन्हा पुन्हा दाखवून देत होते. अखेर फेब्रुवारी २०१५ मध्ये इंग्रजी विकिपीडियाच्या लवाद समितीनं त्या खात्यावर बंदी घातली, आणि मार्चमध्ये ‘न्यूजवीक’नं हे प्रकरण जगासमोर मांडलं. त्या खात्यामागचं माणूस खऱ्या नावानं पुढे आलं नाही.

मला या प्रकरणात रात्ररात्र अस्वस्थ करणारी गोष्ट वेगळीच आहे. त्याच वर्षांत भारतातल्या काही मोबाइल कंपन्या विकिपीडिया डेटाचे पैसे न घेता उघडून देत होत्या. गरीब मुलांना ज्ञान फुकट मिळावं हा हेतू चांगलाच होता. म्हणजे जालन्यातला किंवा गडचिरोलीतला एखादा बारावी झालेला मुलगा, ज्याच्या घरात कोणी कॉलेजची पायरी चढलेलं नाही, त्याला विचारायला एकच जागा होती आणि ती त्याच्या फोनवर विनाशुल्क उघडत होती. टीकेची काही पानं तर न्यायालयाच्या आदेशानं काही काळ बंदही झालेली. वडील जमिनीचा तुकडा गहाण टाकायच्या विचारात. त्यानं तो लेख वाचला असेल आणि ‘चांगलं दिसतंय’ म्हणाला असेल. असा मुलगा चर्चा पानावर कधीच येत नाही. त्याचं नुकसान कोणत्याही ‘इतिहास पहा’मध्ये नोंदलेलं नाही.

म्हणून मला कोणी म्हणालं, “राहू द्या ना एक पान, कोणाचं काय जातं?” तर मी थांबून उत्तर देते. जातं. कोणाचं ते आपल्याला दिसत नाही, एवढंच.

परदेशातल्या प्रकरणांची यादी लांबलचक आहे. त्यातली सगळी सांगण्यात अर्थ नाही. २००७ मध्ये व्हर्जिल ग्रिफिथ या विद्यार्थ्यानं अंकपत्त्यांवरून (आयपी अ‍ॅड्रेसवरून) निनावी बदल कुठल्या कचेरीतून झाले हे शोधण्याची सोय बनवली, आणि मतदान यंत्रं बनवणाऱ्या डीबोल्ड कंपनीच्या जाळ्यावरून त्या यंत्रांवरच्या टीकेचे परिच्छेदच्या परिच्छेद उडवले गेल्याचं उघड झालं. २०११ मध्ये गिऱ्हाइकांचे लेख गुपचूप बदलल्याबद्दल लंडनच्या बेल पॉटिंजर या जनसंपर्क कंपनीची पाळी आली. २०१३ मध्ये विकी-पीआर या अमेरिकी कंपनीशी संबंधित अडीचशेहून जास्त खाती बंद झाली; ही कंपनी उघडउघड गिऱ्हाइकांना सांगत होती की आम्ही तुमचं पान लिहितो आणि सांभाळतो.

ऑगस्ट २०१५ मधलं ‘ऑरेंजमूडी’ मात्र थोडं सविस्तर सांगायला हवं, कारण त्याची रीत आपल्याकडे ओळखीची वाटेल. इंग्रजी विकिपीडियावर नवे लेख आधी मसुदा म्हणून तपासायला देता येतात. बरेच मसुदे जाहिरातबाजीमुळे किंवा संदर्भ कमी म्हणून नाकारले जातात. एका टोळीनं हे नाकारलेले मसुदे हेरले आणि ते ज्यांच्याविषयी होते त्या लहान व्यावसायिकांशी, कलाकारांशी संपर्क साधला. पैसे द्या, तुमचं पान चढवून देतो. काहींना तर आपण प्रचालक असल्याचं सांगितलं. पान चढलं की पुढची मागणी: दर महिन्याला अमुक रक्कम द्या, नाहीतर पान टिकणार नाही. चौकशीअंती ३८१ खाती बंद केली गेली आणि २१० लेख काढले गेले. ज्यांनी पैसे दिले होते त्यांची पानंही गेली.

हे वाचलं तेव्हा मला आपल्या चर्चा पानावरचे ‘सर, किती लागतील ते सांगा’ असे निरोप आठवले. ते विचारणारा लबाड असतो असं मला वाटत नाही. त्याला कोणीतरी सांगितलेलं असतं की हे काम पैसे देऊन होतं. समाजमाध्यमांवर ‘विकिपीडिया पेज बनवून मिळेल’ अशा जाहिराती उघड फिरतात, आणि तालुक्याच्या गावात दुकान मांडून बसलेला माणूस गॅस कनेक्शनपासून जातीच्या दाखल्यापर्यंत सगळ्यासाठी मधल्या माणसाला पैसे देत आला आहे. मी अशांना एकच गोष्ट सांगते: इथे कोणालाही पैसे देऊ नका, कोणी मागितले तर ते चर्चा पानावर नावासकट लिहा. दिलेले पैसे परत मिळत नाहीत आणि पान राहीलच याची हमी जगात कोणीच देऊ शकत नाही.

विकी-पीआरनंतर विकिमीडिया फाउंडेशननं आपल्या अटींमध्ये बदल केला. जून २०१४ पासून मोबदला घेऊन लिहिणाऱ्यानं आपला मालक कोण, गिऱ्हाईक कोण, हे जाहीर करणं बंधनकारक आहे. मला ही अट योग्य वाटते. पैसे घेऊन लिहिणं हे पाप नाही. वकील घेतात, पत्रकार घेतात. पण वाचकाला शुभेच्छुकांची नावं दिसली पाहिजेत. अडचण अंमलबजावणीची आहे. इंग्रजीत निदान तपासायला हजारो माणसं आहेत. आपल्याकडे एखाद्यानं जाहीर केलं नाही तर ते ओळखणार कोण? मराठीत तशी जाहीर नोंद मला क्वचितच दिसते, आणि त्यावरून इथे कोणी पैसे घेऊन लिहीत नाही असा निष्कर्ष मी काढणार नाही.

यापेक्षा अवघड प्रश्न संदर्भांचा आहे. विकिपीडियाचा नियम साधा आहे: ज्याच्याविषयी स्वतंत्र, विश्वासार्ह स्रोतांनी सविस्तर लिहिलं आहे, त्याचा लेख असू शकतो. या नियमाचा सगळा भार वर्तमानपत्रांवर पडतो. आणि महाराष्ट्रात वर्तमानपत्रातला मजकूर म्हणजे काय, हे २००९ च्या विधानसभा निवडणुकीनं आपल्याला दाखवलं. पी. साईनाथ यांनी ‘द हिंदू’मध्ये पुराव्यासकट लिहिलं: तेव्हाच्या मुख्यमंत्र्यांचं कौतुक करणारा एकच लेख, शब्दशः तोच, एकमेकांशी स्पर्धा करणाऱ्या तीन मराठी दैनिकांत बातमी म्हणून छापून आला होता. कुठेही ‘जाहिरात’ असा शब्द नाही. प्रेस कौन्सिलनं दोन सदस्यांची उपसमिती नेमली; तिचा सविस्तर अहवाल आधी पूर्ण प्रसिद्ध झालाच नाही, तो २०११ मध्ये केंद्रीय माहिती आयोगाच्या आदेशानंतर लोकांसमोर आला.

आता माझ्यासमोर कोणी त्या दिवसांतली तीन दैनिकांची तीन कात्रणं ठेवली, तर नियमाच्या कसोटीवर ती उतरतात. तीन वेगवेगळी प्रकाशनं, सविस्तर मजकूर, नामवंत दैनिकं. नियम पाळून मला पान ठेवावं लागेल, आणि पान ठेवलं तर विकत घेतलेला मजकूर माझ्या हातून ज्ञान होऊन बाहेर पडेल.

यावर उपाय म्हणून नियम वाढवून काही होत नाही. कात्रण वाचायला शिकावं लागतं. मी बघते ते असं: मजकुरावर बातमीदाराचं नाव आहे का, की नुसतं ‘प्रतिनिधी’. ते पान मुख्य अंकातलं आहे की पुरवणीतलं, आणि पुरवणी कसली, ‘उद्योगभरारी’ छापाची की शनिवार-रविवारची. त्याच पानावर त्याच माणसाची जाहिरात आहे का. तारीख वाढदिवसाची आहे का. दुसऱ्या बाजूचं एक तरी वाक्य आहे का. सगळं गोडच असेल तर मी सावध होते, कारण जिल्ह्याच्या राजकारणात पंचवीस वर्षं काढलेल्या माणसाविषयी कोणालाच तक्रार नसेल हे शक्य नाही. पुरस्काराचं म्हणाल, तर तो पुरस्कार मिळालेल्या आणखी कोणाविषयी कोणी काही लिहिलं आहे का ते शोधते. कार्यक्रमाच्या खर्चापोटी पुरस्कारार्थीकडूनच रक्कम घेऊन ‘भूषण’ आणि ‘रत्न’ वाटणाऱ्या संस्थांविषयी आपण सगळेच ऐकून आहोत. गौरव अंक आणि स्मरणिका मी संदर्भ म्हणून मोजत नाही. जन्मतारीख किंवा शाळेचं नाव यापुरत्या चालतात.

एवढं सगळं करून चर्चा पानावर लिहिलं की उत्तर येतं, “म्हणजे पेपरवाले खोटं लिहितात?” काही वेळा हो, असं उत्तर द्यावं लागतं, आणि ते देताना मला वाईट वाटतं. कारण तालुक्याला राहून, दमड्यांवर काम करून, वाळूच्या ट्रकचा नंबर छापणारे बातमीदारही त्याच पेपरात असतात.

सगळेच वाद पैशांचे किंवा सत्तेचे नसतात. जानेवारीत मराठी भाषा पंधरवड्याच्या वेळी कॉलेजांमध्ये विकिपीडियाच्या कार्यशाळा होतात. मी काहींना जाते. मुलांना टंकन शिकवलं, धूळपाटीवर, म्हणजे सरावासाठीच्या कच्च्या पानावर, सराव झाला, की निम्मी मुलं पहिला लेख लिहितात तो ‘आमचे महाविद्यालय’ किंवा ‘आमचे प्राचार्य’. प्राध्यापक मागे कौतुकानं उभे असतात. तिथे मी साचा लावत नाही. मुलांना सांगते, हा लेख धूळपाटीतच राहू द्या, आणि आता तुमच्या गावच्या बाजारावर लिहा, कुठल्या वारी भरतो, काय विकायला येतं, पूर्वी काय यायचं. त्यातली बहुतेक मुलं पुन्हा कधी येत नाहीत. जी येतात ती फार चांगलं लिहितात. आज जलसिंचन प्रकल्पांचे लेख मन लावून सुधारणारा एक सदस्य आहे. त्याची सुरुवात त्याच्या साहेबांच्या पानानं झाली होती, आणि ते पान काढल्यावर त्यानं मला चर्चा पानावर बरंच सुनावलं होतं.

सगळ्यात कठीण जातं ते मुलानं वडिलांवर लिहिलेलं पान. वडील शिक्षक होते, आडगावात शाळा काढली, आयुष्य तिथे घातलं, गेले. मुलाला वाटतं त्यांचं नाव कुठेतरी राहावं. तो खोटं काहीच लिहीत नाही. पण संदर्भ एकही नाही, आणि भाषा श्रद्धांजलीची. अशा पानावर लिहिताना मी प्रत्येक शब्द दोनदा वाचते. “तुमच्या वडिलांचं काम मोठं आहे, त्यात शंका नाही,” असं आधी लिहिते, आणि मग कोणत्या कागदांवरून ते इथे येऊ शकेल ते सांगते: शाळेचा सुवर्णमहोत्सवी इतिहास कोणी बाहेरच्यानं लिहिला आहे का, जिल्हा गॅझेटियरमध्ये उल्लेख आहे का, एखाद्या अभ्यासकाच्या प्रबंधात नाव आहे का. बहुतेक वेळा नसतं. पान जातं.

जाहिरातबाजीचा खरा दंड इथे भरला जातो, असं माझं ठाम मत आहे. रोज दहा खोटी पानं पाहून डोळा संशयी होतो, आणि त्या संशयाची किंमत अकरावा खरा माणूस मोजतो. मे २०१८ मध्ये कॅनडाच्या वॉटर्लू विद्यापीठातल्या भौतिकशास्त्रज्ञ डॉना स्ट्रिकलंड यांच्यावरचा मसुदा इंग्रजी विकिपीडियावर नाकारला गेला. संदर्भ पुरेसे नाहीत, हे कारण. २ ऑक्टोबरला त्यांना नोबेल पारितोषिक जाहीर झालं. नाकारणाऱ्या स्वयंसेवकाला अनेकांनी दोष दिला. मला तसं करवत नाही. त्यानं त्या दिवशी त्याआधी किती ‘जगप्रसिद्ध’ मंडळींचे मसुदे वाचले असतील, याचा मला अंदाज आहे. पण एवढ्या मोठ्या शास्त्रज्ञ बाईंविषयी कोणी सविस्तर लिहिलेलं नव्हतं, हाही त्यातला दोष, आणि तो विकिपीडियाच्या आधीचा आहे.

आपल्याकडे तर ही दरी किती खोल! कलापथकात आयुष्य घालवलेल्या बाया, जागरण-गोंधळाची परंपरा सांभाळणारे, जलशांत गाणारे शाहीर, यांच्यावर पुरवणी काढायला कोणी पैसे भरत नाही. कार्यसम्राटाकडे चाळीस कात्रणं असतात, यांच्याकडे एकही नसतं. नियम तोच लावला तर कार्यसम्राट आत येतो आणि गोंधळी बाहेर राहतो. मी नियम सैल करा म्हणत नाही. सैल केला तर आधी कार्यसम्राटच आत घुसेल. संदर्भ तयार करणाऱ्या माणसांची गरज आहे. उर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांनी आंबेडकरी चळवळीत काम केलेल्या स्त्रियांना शोधून काढलं, त्यांच्या घरी जाऊन त्यांच्याशी बोलून लिहिलं. ते पुस्तक १९८९ मध्ये आलं. त्या स्त्रियांमधल्या कोणी स्वतःविषयी दोन ओळी छापून आणायला कधी कोणाला पैसे दिले नसतील. आज त्यांच्यातल्या एखादीवर लेख लिहायला बसलं, तर संदर्भ म्हणून ते पुस्तक हाताशी आहे. दोघींनी ते काम केलं नसतं तर आम्हाला त्या पानांवरही साचे लावावे लागले असते.

त्यामुळे मी आता माझ्या वेळेची वाटणी बदलली आहे. रात्री पहिला अर्धा तास जाहिरातींचा, उरलेला वेळ ज्यांच्यासाठी कोणी येणार नाही त्यांचा. सध्या मराठवाड्यातल्या एका भारूड गाणाऱ्या कलावंत बाईंवर काम चालू आहे. एका विद्यापीठीय प्रबंधात त्यांच्यावर सात-आठ पानं मिळाली. आकाशवाणीवर त्यांचे कार्यक्रम झाल्याचा उल्लेख त्यात आहे, तारखा नाहीत. आणखी एक स्वतंत्र स्रोत मिळाला तर लेख उभा राहील. तोवर तो धूळपाटीत आहे. मी इतरांना लावते तोच नियम इथेही.

जिल्ह्याच्या दैनिकांचे सत्तर-ऐंशीच्या दशकांतले अंक कुठल्या नगर वाचनालयात बांधून ठेवलेले असतील, तर तिथल्या ग्रंथपालांना एवढं विचारा, की ते बघायला मिळतील का आणि फोटो काढू देतील का. घरातल्या ट्रंकेत अशा कोणाविषयीची कात्रणं असतील तर टाकू नका. दैनिकाचं नाव, तारीख आणि पान क्रमांक दिसेल असा फोटो ठेवा, आणि त्या व्यक्तीच्या लेखाच्या चर्चा पानावर, लेख नसेल तर चावडीवर, म्हणजे मराठी विकिपीडियाच्या सार्वजनिक चर्चेच्या पानावर, हे तीन तपशील लिहा. खाली तुमचं नाव लिहा, आणि ती व्यक्ती तुमच्या नात्यातली असेल तर तेही लिहा. त्यानं काही अडत नाही. लेख लिहायला आम्ही आहोत.